शंभर वर्षांतून एकदा म्हणजे कधी?

नदीच्या अंगाला फ्लॅट बघायला गेलेला माणूस हल्ली एक प्रश्न हमखास विचारतो, "पूररेषेत येतं का हो?" एजंटकडे उत्तर तयार असतं. "छे, ब्लू लाईनच्या बाहेर आहे आपलं. रेड लाईनमध्ये थोडंसं येतं, पण तिचं काय एवढं, शंभर वर्षांतून एकदा!" शंभर वर्षांनी इथे कोण असणार आहे, असं म्हणून दोघंही हसतात आणि बोलणं पार्किंगवर जातं.

या संवादात कुणीही खोटं बोललेलं नाही. एजंटने सांगितलं ते सरकारी नकाशावर आहे, गिऱ्हाइकाने ऐकलं तेही तेच. तरीसुद्धा तो माणूस साफ चुकीचं काहीतरी समजून घरी जातो आणि त्या समजुतीवर तीस वर्षांचं कर्ज काढून बसतो. माझी तक्रार त्या एजंटबद्दल नाही. शक्यतेची गोष्ट आपण रेघेच्या रूपात सांगतो, आणि रेघ म्हटली की माणसाला भिंत दिसते. माझी तक्रार या सवयीबद्दल आहे.

आधी रेघेबद्दल. महाराष्ट्रात नद्यांच्या पूररेषा जलसंपदा विभाग आखतो आणि १९८९ च्या परिपत्रकापासून त्याची रीत ठरलेली आहे. साधारण २५ वर्षांतून एकदा येईल एवढ्या पुराचं पाणी जिथवर चढतं ती निळी रेषा. १०० वर्षांतून एकदा येईल अशा पुराची ती लाल. वरच्या अंगाला धरण असेल तर सांडव्यातून सुटू शकणाऱ्या पाण्याचाही हिशेब धरतात. नदीपासून निळ्या रेषेपर्यंत बांधकामाला मनाई, निळी ते लाल या पट्ट्यात जोतं उंच ठेवण्यासारख्या अटींवर परवानगी, आणि लाल रेषेच्या पलीकडे पुराच्या नावाने कुणी काही विचारत नाही. परवानगी देणाऱ्या टेबलाला हे सोयीचं आहे, कारण त्याला 'हो' किंवा 'नाही' एवढंच लिहायचं असतं. पण पाणी काही त्या टेबलावरून वाहत नाही.

एक मडकं घ्या. त्यात नव्याण्णव पांढऱ्या गोट्या आणि एक लाल. दरवर्षी मृग लागला की डोळे मिटून एक गोटी काढायची, रंग बघायचा आणि ती परत मडक्यात टाकायची. लाल निघाली तर त्या साली 'शंभर वर्षांचा' पूर. सगळी मेख 'परत टाकायची' या दोन शब्दांत आहे. मडक्याला आठवण नसते. गेल्या वर्षी लाल निघाली म्हणून यंदा ती निघणार नाही असं नाही. नव्वद वर्षं निघाली नाही म्हणून आता निघायलाच हवी, असंही नाही. ल्युडो खेळताना 'कधीचा सहा पडला नाही, आता पडणारच' म्हणून पोरं फासा फुंकतात, तोच हा भ्रम. मोठेपणी तो 'येऊन गेला एकदाचा, आता आपल्या हयातीत नाही' अशा रूपात भेटतो. २००५ च्या पुरानंतर कृष्णाकाठाला हे वाक्य किती ओट्यांवर बोललं गेलं असेल, याचा विचार केला की पोटात गोळा येतो.

आता हिशेब. एका वर्षी लाल गोटी न निघण्याची शक्यता ०.९९. तीस वर्षं ओळीने न निघण्याची शक्यता काढायची तर ०.९९ ला स्वतःने तीस वेळा गुणायचं. उत्तर येतं ०.७४. म्हणजे कर्जाच्या तीस वर्षांत ते पाणी एकदा तरी दारात येण्याची शक्यता २६ टक्के, चारांत एक. निळ्या रेषेवरच्या घराचा हाच हिशेब मांडला तर आकडा ७१ टक्क्यांच्या घरात जातो, दहांत सात. गंमत अशी की 'शंभर वर्षांतून एकदा' येणारा पूर अख्ख्या शंभर वर्षांत एकदाही न येण्याची शक्यता ३७ टक्के आहे. वेळापत्रक पाळणारा पूर कुठेच नसतो.

'चारांत एक' हे दोन शब्द त्या एजंटने उच्चारले असते, तर कुणी हसलं नसतं. घर कदाचित तरीही घेतलं असतं, पण मग दुसऱ्या मजल्यावरचं घेतलं असतं, विमा उतरवला असता, मीटरची पेटी उंच लावली असती, मुलीची प्रमाणपत्रं खालच्या कपाटात ठेवली नसती. आकडा कळल्यावर माणूस पळून जातोच असं नाही, तो तजवीज करतो.

पण मडक्यात लाल गोटी एकच आहे, हे कुणी मोजलं?

इथे एमिल गुंबेल या जर्मन गणितज्ञाचं नाव घ्यायलाच हवं, कारण आपल्याकडे पूररेषेच्या हिशेबात त्याचं सूत्र आजही सर्रास वापरतात. पहिल्या महायुद्धानंतर जर्मनीत राजकीय खुनांचं पेव फुटलं, तेव्हा या माणसाने एकेक खून मोजला. उजव्या गटांनी केलेले ३५४, डाव्यांनी केलेले २२, आणि कोणाला किती शिक्षा झाली तेही. ही मोजदाद अनेकांना झोंबली. १९३२ मध्ये हायडेलबर्गची नोकरी गेली, पुढे फ्रान्स, मग अमेरिका. १९४१ मध्ये त्याने पुरांच्या रिटर्न पीरियडवर, म्हणजे तेवढा पूर सरासरी किती वर्षांनी परत येतो त्यावर, निबंध लिहिला. कल्पना साधी आहे. दरवर्षीचा फक्त सर्वांत मोठा विसर्ग घ्यायचा, बाकीचे दिवस सोडून द्यायचे. अशा चाळीस-पन्नास आकड्यांची एक वक्ररेषा बनते. मग ती नोंदींच्या पलीकडे वाढवायची आणि शंभराव्या वर्षाच्या जागी काय येतं ते वाचायचं.

'नोंदींच्या पलीकडे वाढवायची' इथेच पाय घसरतो. पन्नास वर्षांच्या वहीवरून शंभर वर्षांचा पूर सांगणं म्हणजे रस्ता संपल्यावरही त्याच वळणाने गाडी पुढे नेणं. बहुतेक वेळा जमतं. पण त्या अंदाजाभोवती अनिश्चिततेचा मोठा पट्टा असतो, आणि नकाशावर 'शंभर वर्षांचा' म्हणून दाखवलेला पूर खरोखर साठ वर्षांचा असू शकतो किंवा दोनशेचा. हिशेब करणाऱ्या अभियंत्याला हे पक्कं ठाऊक असतं, त्याच्या अहवालात ते पट्टेही असतात. अहवालातून नकाशा बनताना पट्ट्याची रेघ होते, आणि नकाशातून जाहिरात बनताना रेघेची हमी होते.

दुसरं म्हणजे गोट्या एकमेकींना चिकटतात. हॅरल्ड हर्स्ट नावाचा इंग्रज १९०६ मध्ये इजिप्तला गेला आणि नाईल नदीच्या अभ्यासात त्याने उभी हयात घालवली. लोक त्याला 'अबू नील', नाईलचा बाप, म्हणत. कैरोजवळच्या रोडा बेटावर नदीची उंची मोजायचा प्राचीन खांब आहे आणि त्याच्या नोंदी सातव्या शतकापासूनच्या. या शेकडो वर्षांच्या आकड्यांत हर्स्टला असं दिसलं की ओली वर्षं ओल्यांच्या मागे लागतात, सुकी सुक्यांच्या, आणि त्या रांगा नुसत्या नाणेफेकीत दिसाव्यात त्याहून फार लांब असतात. १९५१ मध्ये त्याने हे मांडलं तेव्हा खळबळ उडाली. आपल्या आजीला सांगितलं असतं तर ती म्हणाली असती, त्यात काय नवल? दुर्गादेवीचा दुष्काळ बारा वर्षं चालल्याचं आपण पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आलो आहोत. झड लागणे हा आपला शब्दच सांगतो की आजचा पाऊस कालच्या पावसाला ओळखतो. १९६२ मध्ये गॅब्रिएल आणि न्यूमन या दोघांनी तेल अवीवच्या पावसाचा अभ्यास करून हेच सूत्रात बसवलं. उद्या पाऊस पडेल का याचं उत्तर आज पडला का यावर अवलंबून, आणि एवढ्या एका गोष्टीवर पावसाळ्याचं बऱ्यापैकी चित्र उभं राहतं. या साखळीला मार्कोव्हचं नाव आहे. रशियातल्या त्या मार्कोव्हने ती पहिल्यांदा पावसावर नव्हे, तर पुश्किनच्या काव्यातल्या वीस हजार अक्षरांवर चालवून पाहिली होती, स्वरामागे व्यंजन किती वेळा येतं ते मोजत. विषयांतर झालं, पण या शास्त्राची मजाच ही की कवितेतली अक्षरं मोजणारं यंत्र पुढे पावसाच्या शेतात चालतं.

तिसरी गोष्ट सर्वांत अवघड. मडक्यात कुणीतरी लाल गोट्या टाकतं आहे. जुन्या नोंदींवरून पुढचं सांगताना एक गृहीत असतं की नदी पूर्वी वागली तशीच वागेल. २००८ मध्ये जलशास्त्रज्ञांच्या एका गटाने 'सायन्स' नियतकालिकात सरळ लिहिलं की हे गृहीत आता मेलं आहे. पुण्याच्या उष्णदेशीय मौसम विज्ञान संस्थेतल्या शास्त्रज्ञांनी २०१७ मध्ये दाखवलं की मध्य भारतात दूरवर पसरणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना १९५० ते २०१५ या काळात तिपटीने वाढल्या. जुलै २०२१ मध्ये महाबळेश्वरला एका दिवसात ५९४ मिलिमीटर पाऊस झाला. यात हवामान बदलाचा वाटा किती आणि आपण पात्रात घातलेल्या भरावांचा, पुलांच्या जोडरस्त्यांचा, ओढे बुजवून उभ्या केलेल्या इमारतींचा वाटा किती, यावर भांडायला भरपूर जागा आहे. मडकं बदललं एवढं मात्र दोन्ही बाजूंना मान्य करावं लागेल.

सांगलीच्या आयर्विन पुलाखाली चाळीस फुटांना इशारा आणि पंचेचाळीसला धोका. २००५ मध्ये पाणी त्रेपन्न फुटांच्या वर गेलं, २०१९ मध्ये सत्तावन्नच्या, आणि २०२१ मध्ये पुन्हा चोपन्नच्या पुढे. कोल्हापुरात राजाराम बंधाऱ्यावर २०१९ ला पंचावन्न फुटांवर पाणी गेलं तेव्हा असं परत होणे नाही म्हणाले, आणि दोनच वर्षांत छप्पन्न ओलांडलं. सांगलीत २००५ ते २०२१ या सतरा वर्षांत तीन. समजा हे तिन्ही पूर '२५ वर्षांतून एकदा' या जातीचे मोजले, तर सतरा वर्षांत तीन किंवा अधिक येण्याची शक्यता तीन टक्क्यांच्या आसपास भरते. 'शंभर वर्षांतून एकदा' या जातीचे मोजले तर दहा हजारांत सहा.

इथे सावध राहायला हवं, नाहीतर आपणही त्या एजंटच्याच रांगेत जाऊन बसू. आपण सांगलीकडे बघतो आहोत कारण सांगली बुडाली. महाराष्ट्रात नदीकाठची गावं शेकड्यांनी आहेत, त्यांतल्या कुठल्यातरी एकात तीन टक्क्यांची गोष्ट निव्वळ योगायोगाने घडणारच. लॉटरी कुणाला ना कुणाला लागतेच, म्हणून लागलेल्याला लबाड म्हणता येत नाही. तेव्हा नुसत्या तीन पुरांवरून रेषा चुकल्याचं सिद्ध होत नाही. पण शंका घ्यायला, वही पुन्हा उघडायला, नवी वर्षं त्यात घालून हिशेब नव्याने मांडायला एवढं कारण पुरेसं आहे. इथे मला संख्याशास्त्रज्ञ महालनोबिस आठवतात. १९२६ मध्ये ओडिशातल्या ब्राह्मणी नदीला मोठा पूर आला तेव्हा अभियंत्यांनी ठरवून टाकलं की नदीचा तळच वर आला आहे, काठचे बांध उंच करा. महालनोबिसांनी साठेक वर्षांचे आकडे तपासले आणि सांगितलं, तळ वर आलेला नाही. पाऊसच जास्त पडला होता, उपाय वरच्या अंगाला पाणी अडवण्यात आहे. एका पुराच्या धक्क्यातून घेतलेला निर्णय आणि साठ वर्षांच्या वहीतून घेतलेला निर्णय, यांतलं अंतर त्यांनी तेव्हाच दाखवून दिलं.

पुराची चर्चा आपल्याकडे धरणावर येऊन थांबते, आणि तिथे तर शक्यतेचं बोलणं पूर्ण बंद असतं. कोयनेत १०५ टीएमसी पाणी मावतं. जुलैच्या शेवटी धरणात किती जागा रिकामी ठेवायची? जास्त ठेवली आणि ऑगस्ट कोरडा गेला, तर उन्हाळ्यात शेतकरी आणि वीज दोन्ही ओरडणार. कमी ठेवली आणि ऑगस्टमध्ये आभाळ फाटलं, तर खाली शहर बुडणार. तो निर्णय घेणाऱ्या अधिकाऱ्याला पुढचा महिना माहीत नसतो, शक्यता तेवढ्या माहीत असतात. पूर आला की आपण विचारतो, आधी पाणी का सोडलं नाही? टंचाई आली की विचारतो, सोडलं कशाला? दोन्ही वेळा वरातीमागून घोडं. निकालावरून निर्णय जोखला की अधिकारीही शहाणा होतो. तो सर्वांत कमी नुकसानीचा मार्ग शोधत नाही, सर्वांत कमी चौकशीचा शोधतो.

यावर उपाय गेली पंचाहत्तरहून अधिक वर्षं उपलब्ध आहे. १९४६ मध्ये आजारातून उठणारा गणितज्ञ स्तानिस्लाव उलाम पत्त्यांचा एकट्याने खेळायचा डाव मांडत बसला होता. डाव सुटण्याची शक्यता सूत्राने निघेना, तेव्हा त्याला सुचलं की शंभर डाव खेळून मोजावं हे बरं. त्यातून माँटे कार्लो पद्धत आली, नाव जुगाराच्या अड्ड्याचं आणि पहिला उपयोग अण्वस्त्रांसाठी. धरणाला ती अशी लागू होते की जुन्या नोंदींच्या स्वभावावरून संगणकात हजारो खोटे पावसाळे पाडायचे, काही झडीचे, काही रुसलेले, काही घाटात कोसळणारे. प्रत्येकात पाणी सोडायचे वेगवेगळे नियम चालवून बघायचे. कुठल्या नियमाने हजारांतले किती पावसाळे शहर बुडतं आणि किती उन्हाळे शेत करपतं, याचा तक्ता मांडायचा. मग तो तक्ता जनतेपुढे ठेवून भांडायचं. शेवटी निवड राजकीयच असणार, आणि ती असायलाच हवी. सांगलीच्या पेठेतलं दुकान आणि वरच्या अंगाचा ऊस यांत किती धोका कुणी सोसायचा हे गणित ठरवू शकत नाही. पण आज ही निवड न सांगता होते. तक्ता समोर असता तर निदान कुणी कशासाठी काय पत्करलं ते दिसलं असतं.

नेदरलँड्सने हे केलं. १९५३ मध्ये ३१ जानेवारी आणि १ फेब्रुवारीच्या मधल्या रात्री समुद्राने बांध फोडले आणि तिथे १,८३६ माणसं गेली. नंतर नेमलेल्या समितीसाठी डेव्हिड व्हान डान्त्झिख या गणितज्ञाने हिशेब मांडला. बांध एक हात उंच करायचा खर्च किती आणि त्याने टळणारं संभाव्य नुकसान किती. त्यातून मध्य हॉलंडसाठी 'दहा हजार वर्षांतून एकदा' ही पातळी आली. आतल्या भागातल्या नद्यांना पुढे १,२५० वर्षांची ठरली. आकडे कायद्यात गेले, त्यामुळे २०१७ मध्ये नवे निकष येईपर्यंत नदीकाठचा डच माणूस संसदेला विचारू शकत होता की समुद्राकाठच्याला दहा हजार आणि मला साडेबाराशेच का? असा प्रश्न विचारता येणं हीच मला मोठी गोष्ट वाटते. आपल्याकडे मुंबईची जुनी गटारं तासाला २५ मिलिमीटर पावसाच्या हिशेबाने बांधलेली होती, पुढे ब्रिमस्टोवॅड या पावसाळी गटारांच्या आराखड्यात ते ५० झालं. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पडला आणि कुलाब्याला जेमतेम ७३. २५ की ५०, किती वर्षांतून किती वेळा तुंबणं आपण पत्करणार, हा प्रश्न कुठल्या निवडणुकीत आला? ते आकडे शहराच्या वतीने कुणीतरी ठरवले आणि शहराला ते तुंबल्यावर कळले.

लोकांना टक्के कळत नाहीत, ते घाबरतील, त्यांना सोपं करून सांगावं लागतं, असा बचाव नेहमी होतो. हा बचाव मला पटत नाही, आणि त्यातला मानभावीपणा खटकतो. मृगाचं वाहन काय, बेडूक की कोल्हा, हे विचारणारा शेतकरी त्या उत्तरावर सगळी पेरणी लावत नाही. थोडं आधी टाकतो, थोडं बियाणं दुबार पेरणीला राखतो. अक्षय्य तृतीयेला भेंडवळच्या घटमांडणीकडे कान लावून असणाराही कांदा निघाला की निम्मा विकतो, निम्मा चाळीत ठेवतो. भाव चढला तरी तरला, पडला तरी पूर्ण बुडाला नाही. हे टक्केच आहेत, फक्त त्यांना टक्के म्हणत नाहीत. अडचण लोकांच्या समजेची नसून सांगणाऱ्याच्या भाषेची आहे. 'तुरळक ठिकाणी मुसळधार' हे वाक्य घ्या. हवामान खात्याच्या परिभाषेत 'तुरळक ठिकाणी' म्हणजे त्या भागातल्या पंचवीस टक्क्यांपर्यंत केंद्रांवर. ऐकणाऱ्याला वाटतं, पाऊस थोडाच पडणार. मग त्याच्याच गावात ढग फुटतो आणि खात्याच्या नावाने बोटं मोडली जातात. खातं चुकलेलं नसतं. ते काय म्हणालं हे कुणाला कळलेलंच नसतं.

लपवलेल्या पट्ट्याची किंमत अमेरिकेत ग्रँड फोर्क्स या गावाने १९९७ च्या एप्रिलमध्ये मोजली. रेड रिव्हर ४९ फुटांपर्यंत चढेल असा अंदाज होता. गावाने त्याहून थोडा उंच बांध घातला, पोती रचली आणि लोक निर्धास्त झाले. पाणी ५४ फुटांवर गेलं. हजारो लोकांना गाव सोडावं लागलं. अंदाज सांगणाऱ्यांना आपल्या आकड्यात काही फुटांचं मागेपुढे होतं हे माहीत होतं. पण दोन आकडे सांगितले तर लोकांचा विश्वास उडेल असं त्यांना वाटलं, म्हणून एकच सांगितला. विश्वास शेवटी त्या एका आकड्यानेच उडवला.

आणि शक्यता सामान्यांना कळत नाही म्हणणारे लोक हे विसरतात की बाकी सगळ्यांनी ती केव्हाच आत्मसात केली आहे. १९०३ मध्ये स्वीडनचा फिलिप लुंडबर्ग विमा कंपनीच्या दिवाळ्याची शक्यता मोजत होता. १९०९ मध्ये कोपनहेगनचा एर्लांग टेलिफोनचे कॉल यदृच्छेने येतात हे धरून तारांची संख्या ठरवू पाहत होता. १९०० मध्येच पॅरिसच्या बॅशलिएने शेअरच्या भावांची भटकंती सूत्रात मांडली. आज तुमच्या दुकानाचा विमा उतरवताना कंपनी त्या जागेवर पाणी येण्याची शक्यता काढते आणि हप्त्यात धरते. बँकेच्या संगणकात तुमचं कर्ज बुडण्याचा टक्का आहे. म्हणजे तुमच्या घराबद्दल विमेवाल्याकडे आकडा, बँकेकडे आकडा, आणि त्यात राहणाऱ्या तुमच्याकडे एक रंगीत रेघ. हा व्यवहार सरळ नाही.

म्हणून माझी मागणी रेषा पुसण्याची नाही. कायद्याला रेघ लागतेच, कुठेतरी 'इथे नाही' म्हणावंच लागतं. पण नकाशाच्या कोपऱ्यात लिहा की ही रेषा कुठल्या सालापासून कुठल्या सालापर्यंतच्या नोंदींवर काढली, कुठल्या सूत्राने, आणि तिचा पट्टा किती रुंद. तारीख टाका, आणि पुढची फेरमांडणी केव्हा तेही. औषधाच्या बाटलीवर मुदत असते, पूररेषेवर का नसावी? महारेराच्या संकेतस्थळावर प्रकल्पाची एवढी माहिती असते, तिथे एक ओळ आणखी येऊ द्या: या जागेवर येत्या तीस वर्षांत पाणी येण्याची शक्यता इतके ते इतके टक्के. आणि कच्चे आकडे खुले ठेवा. कारण मॉडेलही वाकवता येतं. सोयीची वर्षं घेतली, गैरसोयीचं एखादं साल 'अपवाद' म्हणून वगळलं, की रेषा हवी तेवढी नदीकडे सरकते, आणि त्या सरकलेल्या हातभर रुंदीत केवढ्या किमतीची जमीन असते हे सांगायला नको. आकडे उघडे असले तर एखाद्या कॉलेजातला संख्याशास्त्राचा विद्यार्थीही तो हिशेब पुन्हा करून बघू शकेल.

एक आक्षेप मात्र मला खरोखर छळतो. निळ्या रेषेच्या आत आज राहतं कोण? बहुतेक ठिकाणी ज्यांना दुसरीकडे परवडत नाही ते. त्यांच्या घरावर 'दहांत सात' असा शिक्का मारला, तर घराची उरलीसुरली किंमत जाईल, कर्ज मिळणार नाही, आणि पाणी यायचं तेव्हा येईलच. आकडा सांगणं आणि सोबत पर्याय न देणं हा क्रूरपणा होईल, हे मला मान्य आहे. पुनर्वसनाचा प्रश्न टक्क्यांनी सुटत नाही. एवढंच सांगू शकतो की आकडा या लोकांपासून लपलेलाच नाही. तो लपलेला आहे नव्याने येणाऱ्यापासून, भाडेकरूपासून, दुसऱ्या गावाहून बदलून आलेल्यापासून.

नदीकाठच्या जुन्या घरांत गेलात तर भिंतीवर खुणा दिसतील. दाराच्या चौकटीशेजारी विटेने किंवा पेनाने ओढलेली रेघ, तिच्यापुढे साल. २००५. तिच्या वर २०१९. मधेच २०२१. क्वचित एखाद्या वाड्यात त्याच्याही आधीची. जलशास्त्रात अशा खुणा पुराव्यात धरतात, मोजणीची केंद्रं नव्हती त्या काळातले पूर त्यांवरून ताडतात, आणि पन्नास वर्षांची वही त्यांमुळे शंभर-दीडशे वर्षांपर्यंत मागे नेता येते. वक्ररेषा जिथे अंधारात शिरते तिथे हे दोन-चार दिवे असतात. गावातल्या शाळेच्या पोरांना टेप आणि मोबाइल देऊन आठवडाभरात त्या सगळ्या नोंदवता येतील. फक्त ते दिवाळीच्या आत व्हायला हवं, कारण दिवाळीला घरं रंगवली जातात.